यहुदी राजे आणि यरुशलेमचे मंदिर : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नावे मराठी पवित्र शास्त्रात येतात त्याच वळणाने लिहिली आहेत : दावीद, शलमोन, यरुशलेम. मापे 'हात' या एककात आहेत. कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंतचे अंतर म्हणजे एक हात, साधारण ४५ सेंटिमीटर. आपल्याकडे लुगडे याच मापाने मोजत, त्यामुळे समजायला अडचण येऊ नये.

यहुदी लोकांत राजा आला कधी?

उशिरा आला, आणि कुरबुरीतून आला. आधी बारा वंश होते. संकट आले की कुणीतरी 'शास्ता' पुढे व्हायचा, लढाई संपली की आपल्या घरी जायचा. मग लोकांना वाटू लागले की शेजाऱ्यांसारखा आपल्यालाही राजा हवा. म्हातारा संदेष्टा, म्हणजे देवाचा निरोप सांगणारा, शमुवेल याने त्यांना स्वच्छ शब्दांत सांगितले : राजा तुमची मुले रथांपुढे पळवील, मुलींना स्वयंपाकाला लावील, चांगली शेते काढून आपल्या चाकरांना देईल, धान्याचा दहावा हिस्सा नेईल. लोकांनी ऐकले नाही. शौल पहिला राजा झाला, त्याच्यामागून दावीद, मग दावीदाचा मुलगा शलमोन. हा काळ ढोबळमानाने इ.स.पू. १०००च्या आसपासचा.

शमुवेलाचे हे बोलणे लक्षात ठेवा. मंदिराच्या बांधकामाच्या हिशेबात ते परत येते.

दावीद आणि दाऊद, शलमोन आणि सुलेमान, हे एकच का?

होय. हिब्रूतली नावे अरबी-फारसीतून आपल्याकडे दाऊद, सुलेमान अशी आली आणि ख्रिस्ती भाषांतरांतून दावीद, शलमोन अशी. इस्लाममध्ये दोघेही पैगंबर मानले जातात.

राजधानीसाठी यरुशलेमच का?

दावीद आधी सात वर्षे हेब्रोनमधून राज्य करत होता. हेब्रोन त्याच्या स्वतःच्या यहूदा वंशाचे गाव, त्यामुळे उत्तरेकडच्या वंशांना ते परके. यरुशलेम यबूसी लोकांकडे होते, म्हणजे बारा वंशांपैकी कुणाचेच नाही. डोंगरसोंडेवर वसलेले, तीन बाजूंना उतार, पायथ्याशी गीहोन नावाचा जिवंत झरा. ते जिंकले तर कोणताच वंश रुसणार नव्हता. राजकारणातली ही हुशारी मला गल्याथ या धिप्पाड योद्ध्याला लोळवणाऱ्या दावीदाच्या गोफणीपेक्षा मोठी वाटते.

मंदिराची जागा मात्र जिंकलेली नाही, विकत घेतलेली आहे. अरवना नावाच्या यबूसी माणसाचे ते खळे होते. खळे उंचावर असते, कारण उफणणीला वारा लागतो. अरवना फुकट द्यायला तयार होता. दावीद म्हणाला, ज्यासाठी मला काही मोजावे लागले नाही ते मी देवाला कसे वाहू? पवित्र शास्त्रातल्या शमुवेलाच्या पुस्तकात खळे आणि बैल मिळून किंमत चांदीचे ५० शेकेल (त्या काळचे वजन) आहे, तर पवित्र शास्त्रातल्याच, पण नंतर लिहिलेल्या इतिहासाच्या पुस्तकात जागेसाठी सोन्याचे ६०० शेकेल. जागेचे माहात्म्य वाढले तसा कागदावरचा भावही वाढला, असे म्हणायला हरकत नाही.

मग दावीदाने मंदिर का बांधले नाही?

दोन उत्तरे आहेत. जुने उत्तर असे : दावीदाला वाटले, मी गंधसरूच्या लाकडाच्या वाड्यात राहतो आणि देवाचा कोश, म्हणजे पवित्र पेटी, तंबूत. तेव्हा नाथान संदेष्ट्यामार्फत निरोप आला की तू माझ्यासाठी घर बांधायचे नाहीस, मीच तुझे घर उभारीन. हिब्रूत 'बेत' म्हणजे घरही आणि घराणेही. ही कोटी मराठीत आपोआप उतरते. दुसरे उत्तर इतिहासाच्या पुस्तकातले : तू फार लढाया केल्यास, पुष्कळ रक्त सांडलेस, म्हणून हे काम तुझ्या मुलाचे.

शलमोनाचे मंदिर किती मोठे होते?

ऐकून बहुतेकांचा विरस होतो. लांबी ६० हात, रुंदी २० हात, उंची ३० हात. म्हणजे साधारण २७ मीटर बाय ९ मीटर. तालुक्याच्या गावातले मंगल कार्यालय याहून मोठे असते. आतून मात्र भिंती गंधसरूच्या फळ्यांनी मढवलेल्या, त्यावर खजुरीची झाडे आणि फुले कोरलेली, आणि त्यावर सोने. दगड खाणीतच घडवून आणत. जागेवर हातोडा, कुऱ्हाड किंवा कोणत्याही लोखंडी हत्याराचा आवाज होऊ दिला नाही, असे वर्णन आहे.

इमारत लहान असण्याचे कारण साधे आहे. लोक आत जातच नसत. ते अंगणात उभे राहत, होमवेदीही अंगणातच. आत फक्त याजक, म्हणजे पुरोहित.

रचना आपल्या डोळ्यांना ओळखीची वाटेल : आधी देवडी, मग मोठे दालन, मग सर्वांत आत परमपवित्रस्थान, २० हात लांब, २० रुंद, २० उंच. मंडप आणि गाभारा म्हणा. अशी तीन भागांची देवळे त्या प्रदेशात इतरांचीही होती. सीरियातल्या ऐन दारा इथल्या देवळाचा आराखडा शलमोनाच्या मंदिराच्या वर्णनाशी विलक्षण जुळतो. त्या अवशेषांचे २०१८च्या हवाई हल्ल्यात मोठे नुकसान झाले.

गाभाऱ्यात मूर्ती कोणती होती?

कोणतीच नाही. तिथे कराराचा कोश होता, म्हणजे एक लाकडी पेटी, आणि तीत मोशेच्या, देवाच्या आज्ञा कोरलेल्या, दोन दगडी पाट्या. तिच्यावर पंख पसरलेले दोन करूब (पंख असलेले स्वर्गीय जीव), प्रत्येकी १० हात उंच, जैतुनाच्या लाकडाचे, सोन्याने मढवलेले. पण करूब हे देव नव्हेत. फार तर त्यांना राखणदार म्हणा. अर्पणाच्या प्रार्थनेत शलमोन स्वतःच म्हणतो की आकाशात तू मावत नाहीस, मग मी बांधलेल्या या घरात काय मावणार?

बांधकामाचे सामान आणि कारागीर कुठून आले?

सोरहून. सोर हे भूमध्य समुद्राकाठचे फिनिशियन शहर, आजच्या लेबनॉनमध्ये. तिथल्या हिराम राजाशी शलमोनाने करार केला. हिरामाने लबानोन डोंगरावरचे गंधसरू आणि देवदारू तोडून द्यायचे, ओंडक्यांचे तराफे करून समुद्रातून खाली पोहोचवायचे. बदल्यात शलमोनाने दरसाल २०,००० कोर (धान्य-तेल मोजायचे माप) गहू आणि २० कोर शुद्ध तेल पाठवायचे. सोरकडे जहाजे होती, सुतार होते, पण शेतजमीन बेताची. व्यवहार दोघांच्याही सोयीचा होता. तरी शेवटी शलमोनाने हिरामाला गालीलातली २० गावे दिली. हिराम ती बघायला गेला आणि त्याला ती मुळीच पसंत पडली नाहीत.

पितळकाम दुसऱ्याच एका हिरामाने केले. याची आई नफताली वंशातली विधवा, बाप सोरचा. त्याने यार्देनेच्या खोऱ्यातल्या चिकणमातीत साचे करून ओतकाम केले. देवडीपुढचे दोन खांब, प्रत्येकी १८ हात उंच, त्यांना चक्क नावे होती : याखीन आणि बवाज. आणि अंगणात ठेवलेले अजस्र पात्र, ज्याला मराठी भाषांतरकारांनी 'गंगाळसागर' असा सुरेख शब्द योजला आहे. बारा पितळी बैलांच्या पाठीवर ते उभे होते. काठाशी व्यास १० हात, घेर ३० हात. गणिताचे शिक्षक इथे हटकून विचारतात की मग पायची किंमत ३ कशी? लिहिणाऱ्याने दोरीने मोजून पूर्णांकात सांगितले, एवढेच. भूमिती शिकवायचा त्याचा इरादा नव्हता.

हे काम केले कोणी?

हा प्रश्न फार थोडे लोक विचारतात, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा हाच आहे. उत्तर : वेठबिगाऱ्यांनी.

राजांच्या पुस्तकात आकडे दिलेले आहेत. इस्राएलमधून ३०,००० माणसे वेठीला धरली. त्यांतली १०,००० एक महिना लबानोनात राबायची आणि दोन महिने घरी, अशी पाळी. शिवाय ७०,००० ओझी वाहणारे, डोंगरात ८०,००० दगड फोडणारे, आणि त्यांच्यावर ३,३०० मुकादम. हे आकडे फुगवलेले असणार, त्या काळी त्या डोंगराळ मुलखाची लोकवस्तीच बेताची होती. पण पद्धत खोटी वाटत नाही. पुढे त्याच पुस्तकात असेही म्हटले आहे की शलमोनाने इस्राएल लोकांना दास केले नाही, उरलेल्या परक्या जमातींनाच वेठीला लावले. म्हणजे लिहिणाऱ्यांनाही ही गोष्ट टोचत होती. ज्यांचे पूर्वज मिसर देशात, म्हणजे इजिप्तमध्ये, विटा पाडत होते, मुकादमांचे फटके खात होते, त्यांच्याच राजाने मुकादम नेमले होते.

मंदिराला ७ वर्षे लागली. शलमोनाच्या स्वतःच्या वाड्याला १३. पुस्तकात हे दोन आकडे लागोपाठ येतात. त्यावर टिप्पणी नाही, आणि ती न केल्यामुळेच ते जास्त बोचतात.

त्याचा परिणाम काय झाला?

राज्य फुटले. शलमोन वारला, मुलगा रहबाम गादीवर बसायला शखेम इथे गेला. उत्तरेच्या वंशांनी एकच मागणी केली : तुझ्या बापाने आमच्यावर जड जू ठेवले, ते हलके कर. बुजुर्ग सल्लागार म्हणाले, चार गोड शब्द बोल, हे जन्मभर तुझे चाकर राहतील. बरोबरीच्या मित्रांनी वेगळे पढवले. रहबामाने मित्रांचे ऐकले आणि उत्तर दिले की माझी करंगळी बापाच्या कमरेहून जाड आहे, त्याने तुम्हाला चाबकाने फोडले, मी विंचवांनी फोडीन.

दहा वंश निघून गेले. मागून रहबामाने समजूत घालायला कुणाला पाठवावे? तर वेठबिगारीवरच्या मुख्य अधिकाऱ्याला. लोकांनी त्याला दगडांनी ठेचून मारले. राजा रथात बसून कसाबसा यरुशलेमला पळाला. उत्तरेचा नवा राजा यराबाम, तोही कोण? शलमोनाने योसेफाच्या घराण्याच्या बिगारीवर नेमलेला माणूस. आतली गोष्ट त्याला पुरती ठाऊक होती. आपली माणसे यात्रेला यरुशलेमला गेली तर मने तिकडे वळतील, म्हणून त्याने बेथेल आणि दान इथे सोन्याची वासरे बसवून आपली देवस्थाने काढली.

मंदिरातल्या सोन्याचे पुढे काय झाले?

ते फार दिवस टिकलेच नाही. रहबामाच्या पाचव्या वर्षी मिसरचा राजा शिशक चालून आला आणि भांडार लुटून घेऊन गेला, सोन्याच्या ढालींसह. रहबामाने त्यांच्या जागी पितळी ढाली करवल्या. मिरवणुकीला त्या काढायच्या आणि परत पहाऱ्याच्या खोलीत ठेवायच्या. त्यानंतर संकट आले की राजाचा हात मंदिराच्या भांडारात, हा शिरस्ताच पडला. हिज्कीया राजाने तर अश्शूरच्या (असिरियाच्या) सन्हेरीब राजाला खंडणी देण्यासाठी दारांवरचे सोने खरवडून काढले. ही घटना इ.स.पू. ७०१ची, आणि ती सन्हेरीबाच्या स्वतःच्या लेखातही आहे. सोन्याचा आकडा दोन्हीकडे ३० किक्कार (शेकेलाहून कितीतरी मोठे वजन) असा जुळतो. चांदी मात्र पवित्र शास्त्रात ३०० आणि अश्शूरी लेखात ८००. देणारा कमी सांगतो की घेणारा जास्त, हे ज्याने त्याने ठरवावे.

दुरुस्तीचा खर्च कसा चालायचा?

दानपेटीतून! योवाश राजाने याजकांना सांगितले होते की येणाऱ्या पैशातून पडझड दुरुस्त करा. त्याच्या कारकिर्दीचे २३वे वर्ष उजाडले तरी एक भेग बुजवलेली नव्हती. मग यहोयादा याजकाने एक पेटी घेतली, झाकणाला भोक पाडले आणि वेदीजवळ ठेवली. पेटी भरली की राजाचा चिटणीस आणि मुख्य याजक दोघे मिळून मोजत. सुतार-गवंड्यांकडून हिशेब मागत नसत, कारण ती माणसे सचोटीची होती. हिशेबाची सोय करावी लागली ती कुणासाठी, हे सांगायला नको.

ओफीर म्हणजे आपले नालासोपारा, हे खरे का?

शलमोनाची जहाजे तांबड्या समुद्रावरच्या एस्योन-गेबेर बंदरातून ओफीरला जात आणि सोने आणत. तीन वर्षांनी एकदा येणाऱ्या जहाजांतून हस्तिदंत, वानर आणि मोर येत, असाही उल्लेख आहे. मोरासाठी वापरलेला 'तुक्की' हा शब्द तमिळ 'तोगै'शी जोडतात. पवित्र शास्त्राच्या जुन्या ग्रीक भाषांतरात ओफीरचे 'सोफिर' असे रूप येते, आणि पहिल्या शतकातला यहुदी इतिहासकार जोसेफस ओफीर हिंदुस्थानात असल्याचे म्हणतो. एवढ्यावरून शूर्पारक, म्हणजे सोपारा, हे नाव पुढे आले.

मला हे पटत नाही. सोपारा प्राचीन बंदर आहे यात वाद नाही. तिथे अशोकाचे शिलालेख मिळाले, १८८२मध्ये भगवानलाल इंद्रजींनी स्तूप उकरला. पण अशोक शलमोनानंतर सुमारे सातशे वर्षांनी झाला, आणि कोकणात सोन्याच्या खाणी नाहीत. उत्पत्तीच्या पुस्तकातल्या वंशावळीत ओफीर हे नाव अरबस्तानातल्या नावांच्या रांगेत येते. 'ओफीरचे सोने' ही चीज व्यापारात होती हे मात्र पक्के. तेल अवीवमध्ये तेल कसीले इथे मिळालेल्या खापरावर तशी नोंद आहे : ३० शेकेल.

दावीद आणि शलमोन खरेच होऊन गेले का?

दावीदाबद्दल पुरावा आहे. १९९३मध्ये उत्तर इस्राएलमध्ये तेल दान इथे इ.स.पू. नवव्या शतकातला अरामी शिलालेख मिळाला. शत्रुपक्षाच्या राजाने त्यात आपला विजय गाजवताना 'दावीदाचे घराणे' असा शब्द वापरला आहे. इथेही पुन्हा तेच 'बेत'. म्हणजे शे-सव्वाशे वर्षांनंतर शेजारी या राज्याला दावीदाच्या नावाने ओळखत होते.

शलमोनाच्या नावाचा त्याच्या काळातला एकही लेख नाही. मगिद्दो, हासोर आणि गेजेर इथल्या सारख्या बांधणीच्या वेशी पुरातत्त्वज्ञ यिगाएल यादीन यांनी शलमोनाच्या ठरवल्या. दुसरे पुरातत्त्वज्ञ इस्राएल फिंकेलस्टाइन यांनी त्या पुढच्या शतकात ढकलल्या. वाद चालू आहे. मंदिराच्या जागी उत्खनन करता येत नाही, कारण तिथे इ.स. ६९१-९२च्या सुमारास पुरा झालेला खडकावरचा घुमट (डोम ऑफ द रॉक) आणि अल-अक्सा मशीद आहे, आणि ती जागा आज जगातल्या सर्वांत नाजूक जागांपैकी एक आहे.

खोट्या वस्तूंपासून मात्र सावध राहावे. शलमोनाच्या मंदिरातले म्हणून हस्तिदंताचे एक चिमुकले डाळिंब इस्राएल म्युझियमने १९८८मध्ये साडेपाच लाख डॉलर देऊन घेतले. २००४मध्ये तज्ज्ञांच्या समितीने निर्वाळा दिला की डाळिंब जुने आहे, त्याच्यावरची अक्षरे नवी.

पहिले मंदिर कसे नष्ट झाले? कोश कुठे गेला?

बाबेलच्या (बॅबिलोनच्या) नबुखद्नेस्सर राजाने इ.स.पू. ५९७मध्ये शहर घेऊन तरुण राजा यहोयाखीन याला धरून नेले. बाबेलमध्ये मिळालेल्या मातीच्या पाट्यांवर त्याला शिध्यात मिळणाऱ्या तेलाची नोंदसुद्धा आहे. शेवटचा राजा सिद्कीया याने बंड केले आणि इ.स.पू. ५८६च्या सुमारास मंदिर जाळले गेले. याखीन, बवाज आणि गंगाळसागर फोडून पितळ बाबेलला नेले. लुटीच्या यादीत पळ्या आणि चिमटेसुद्धा आहेत, कोशाचे नाव नाही. बाकीच्या सगळ्या कथा याच एका जागेतून उगवल्या आहेत.

दुसरे मंदिर कोणत्या राजाने बांधले?

यहुदी राजा तेव्हा उरलाच नव्हता. इराणच्या कोरेश (सायरस) राजाने इ.स.पू. ५३८मध्ये परतायची परवानगी दिली. दावीदाच्या वंशातला जरुब्बाबेल हा अधिकारी होता, राजा नव्हे. पाया घातला तेव्हा तरुण जल्लोष करत होते आणि पहिले मंदिर पाहिलेले म्हातारे रडत होते, दोन्ही आवाज वेगळे करता येईनात, असे एज्राच्या पुस्तकात आहे. इ.स.पू. ५१५च्या सुमारास काम पुरे झाले.

जवळपास पाचशे वर्षांनी रोमनांच्या आश्रयाने राज्य करणाऱ्या हेरोद राजाने ते नव्याने उभारले. डोंगरमाथ्याभोवती प्रचंड भिंती घालून सुमारे ३५ एकरांचा चौथरा केला. इ.स. ७०मध्ये तीत (टायटस) या सेनापतीच्या रोमन सैन्याने तेही जाळले. आज लोक जिथे चिठ्ठ्या खोचतात ती पश्चिमेची भिंत म्हणजे हेरोदाच्या चौथऱ्याची आधारभिंत, मंदिराची नव्हे.

पुण्यातले लाल देऊळ हेही असेच मंदिर का?

नाही. ते सिनेगॉग आहे, प्रार्थनेला जमायची जागा. शास्त्राप्रमाणे यज्ञ फक्त यरुशलेमच्या मंदिरात व्हायचे, आणि ते गेल्यावर यज्ञही थांबले. डेव्हिड ससून यांनी बांधवलेल्या या इमारतीचे खरे नाव 'ओहेल दावीद', म्हणजे दावीदाचा तंबू. कोकणातले यहुदी, म्हणजे बेने इस्राएल, तर आपल्या सिनेगॉगला मशीद म्हणत. देऊळ काय, मशीद काय, नावे शेजाऱ्यांकडून घेतलेली.

बेने इस्राएलांना मंदिराची आठवण होती का?

त्यांची परंपरा सांगते की अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटले, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या. ते तेलाचा घाणा चालवू लागले, शनिवारी घाणा बंद, म्हणून 'शनिवार तेली'. किहीमकर, पेणकर, दिवेकर ही आडनावे गावांवरूनच आली. दुसऱ्या मंदिराच्या पुनर्शुद्धीचा हनुक्का हा सण त्यांच्यात जुन्या काळी नव्हता, यावरून पूर्वज त्याआधीच निघाले असावेत असा तर्क काहीजण करतात. तर्क आकर्षक आहे, पुरावा म्हणून लंगडा. सण विसरलेही जातात.

यहुदी पंचांगातल्या अव महिन्याची नवमी मात्र ते पाळत. दोन्ही मंदिरे याच तिथीला गेली असे परंपरा मानते, जरी राजांच्या पुस्तकात सप्तमी आहे आणि यिर्मयाच्या पुस्तकात दशमी. या दिवसाला कोकणात हिब्रू नाव नव्हते. ताटात वाढायच्या पदार्थावरून ते त्याला 'बिरड्याचा सण' म्हणत.